टीव्हीच्या स्ट्रीमिंग बॉक्सवर गेम खेळायचे आहेत: कोणता बॉक्स, कोणता कंट्रोलर, आणि गाडी अडते कुठे?

शनिवारपेठ

नमस्कार मंडळी. घरात दोन बॉक्स आहेत. हॉलमधल्या जुन्या फुल एचडी टीव्हीला शाओमीचा एमआय बॉक्स ४के (अँड्रॉइड टीव्ही ९) आणि आतल्या खोलीतल्या ४के टीव्हीला गुगल टीव्हीवालं क्रोमकास्ट, तेही ४के मॉडेल. मुलं ८ आणि १२ वर्षांची. सुट्टीत दोघांना मिळून खेळता येतील असे गेम टाकायचे आहेत, वेगळा कन्सोल घ्यायचा नाही.

प्रश्न असे: दोन्हींपैकी कोणत्या बॉक्सवर गेम चांगले चालतील? फोनच्या प्ले स्टोअरवर दिसणारे निम्मे गेम टीव्हीवर दिसतच नाहीत, ते का? आणि कंट्रोलर कोणता घ्यावा? रिमोटने खेळणं अशक्य आहे हे लक्षात आलंय.

लूपबॅक

गेमसाठी क्रोमकास्ट. दोन्हींत रॅम २ जीबी आणि स्टोरेज ८ जीबी, म्हणून कागदावर ते जुळे भाऊ वाटतात. खरा फरक ग्राफिक्स चिपचा आहे. एमआय बॉक्समधली माली-४५० ही चिप ओपनजीएल ईएस (गेम ज्यातून चित्र काढतात ती ग्राफिक्सची प्रणाली) २.० च्या पुढे जात नाही. गेल्या काही वर्षांत आलेल्या बहुतेक थ्रीडी गेमना किमान ३.० लागतं. असा गेम एमआय बॉक्सवर प्ले स्टोअरमध्ये दिसत नाही, आणि बाहेरून टाकलाच तर काळा पडदा दाखवून बंद होतो. क्रोमकास्टमधली माली-जी३१ ही ३.२ पर्यंत जाते. तीही स्वस्तातल्या फोनच्या दर्जाचीच चिप आहे, पण निदान गेम उघडतो.

दिसत नाहीत त्याचं कारण: टीव्हीचं प्ले स्टोअर तेच ॲप दाखवतं, ज्याच्या बनवणाऱ्याने ‘टचस्क्रीन नसली तरी चालेल’ असं जाहीर केलंय आणि टीव्हीच्या होम स्क्रीनसाठी वेगळी नोंद दिली आहे. ही अट चांगलीच आहे. ती पाळलेला गेम रिमोटने किंवा कंट्रोलरने उघडतो याची बऱ्यापैकी खात्री असते.

तुमच्या मुलांसाठी या क्रमाने बघा. बीच बग्गी रेसिंग: टीव्हीवर पडदा विभागून एका वेळी ४ जणांपर्यंत खेळता येतं, दोघांसाठी उत्तम. बॅडलँड: एकाच पडद्यावर ४ जण, दिसायला सुंदर आणि शिकायला १ मिनिट. क्रॉसी रोड: ८ वर्षांच्या मुलाला लगेच जमेल. बॉम्बस्क्वाड: ८ जणांपर्यंत, आणि यात कंट्रोलर कमी पडले तर फोनवर ‘बॉम्बस्क्वाड रिमोट’ हे मोफत ॲप टाकून फोनच कंट्रोलर होतो. मात्र फोन आणि बॉक्स एकाच वाय-फायवर हवेत. राउटरच्या ‘गेस्ट’ नेटवर्कवर फोन असेल तर गेम सापडणार नाही, कारण गेस्ट नेटवर्कवरच्या उपकरणांना घरातली इतर उपकरणं दिसू नयेत अशीच त्याची रचना असते.

जागेचं गणित आधी करा. ८ जीबीतून सिस्टिम वजा जाता हाती साधारण साडेचार जीबी येतात, आणि त्यात तुमची ओटीटी ॲप आधीच बसलेली असतात. प्ले स्टोअरवरचा आकडा फक्त डाउनलोडचा असतो. गेम पहिल्यांदा उघडल्यावर आणखी फाइल्स उतरवतो. म्हणून त्या आकड्याच्या निदान दुप्पट जागा मोकळी ठेवा. जागा काठोकाठ भरली की गेमच काय, होम स्क्रीनसुद्धा अडखळायला लागते. न वापरली जाणारी ॲप काढा, आणि ओटीटी ॲपचा कॅश साफ करा. ‘डेटा’ साफ करू नका, नाहीतर सगळीकडे पुन्हा लॉगिन करत बसावं लागेल.

एक काम मात्र पहिल्याच दिवशी करा. टीव्हीवरच्या प्ले स्टोअरच्या सेटिंगमध्ये जाऊन प्रत्येक खरेदीला पासवर्ड किंवा पिन विचारला जाईल असं ठेवा. मोफत गेममध्ये नाण्यांची पिशवी विकत घ्यायचं बटण नेमकं मुलांच्या अंगठ्याखाली येतं.

सोल्डरगन

कंट्रोलरचं सांगतो, कारण निम्मे वैताग तिथूनच सुरू होतात.

क्रोमकास्टवर ब्लूटूथचा चांगला कंट्रोलर घ्या. एक्सबॉक्सचा घेणार असाल तर ब्लूटूथवालाच आहे ना ते पाहा. जुन्या एक्सबॉक्स वन कंट्रोलरच्या पहिल्या मॉडेलांत ब्लूटूथ नाही. ओळखायची खूण: मधल्या गोल बटणाभोवतीचं प्लॅस्टिक पुढच्या मॅट भागाचाच सलग तुकडा असेल तर ब्लूटूथ आहे. ते वरच्या चकचकीत पट्टीचा भाग असेल तर नाही. सेकंडहँड घेताना हे हमखास पाहा.

प्लेस्टेशन ४ चा ड्युअलशॉक अँड्रॉइड १० पासून नीट ओळखला जातो, प्लेस्टेशन ५ चा ड्युअलसेन्स १२ पासून. क्रोमकास्टला अपडेट मिळाले आहेत, तेव्हा सेटिंगमध्ये ‘सिस्टिम’, ‘अबाउट’ इथे आवृत्ती पाहून घ्या. एमआय बॉक्स ९ वरच आहे. तिथे ड्युअलसेन्स पेअर होतो, पण बटणं चुकीची लागतात. क्रॉस दाबलं की दुसरंच काही होतं, आणि उजवी काठी कॅमेऱ्याऐवजी भलतीकडे जाते. कंट्रोलर खराब आहे समजून लोक परत करतात. दोष त्याचा नसतो, जुन्या सिस्टिमकडे त्या कंट्रोलरचा बटण-नकाशाच नसतो.

पेअर करायला सेटिंगमध्ये ‘रिमोट्स अँड ॲक्सेसरीज’ उघडा, ‘पेअर ॲक्सेसरी’ निवडा आणि मग कंट्रोलरला पेअरिंगमध्ये टाका. ड्युअलशॉकवर ‘शेअर’ आणि ‘पीएस’, ड्युअलसेन्सवर ‘क्रिएट’ आणि ‘पीएस’, दिवा भराभर लुकलुकेपर्यंत एकत्र दाबून ठेवा. एक्सबॉक्सवर वरच्या कडेचं छोटं बटण धरून ठेवा. कंट्रोलर आधी फोनला किंवा पीसीला जोडलेला असेल तर तिथलं ब्लूटूथ बंद करा, नाहीतर तो जुन्या जागीच पळतो.

८बिटडूचे कंट्रोलर छान असतात, पण ते सुरू कसे करता यावर मोड ठरतो. ज्या मॉडेलवर मोडचा सरकता खटका नाही, त्यांच्यावर अँड्रॉइडसाठी ‘स्टार्ट’ आणि ‘बी’ एकत्र दाबून सुरू करायचं. ‘स्टार्ट’ आणि ‘एक्स’ हा विंडोजचा मोड, ‘स्टार्ट’ आणि ‘वाय’ हा स्विचचा. मोड चुकला तर कंट्रोलर जोडलेला दिसतो आणि गेममध्ये मुका राहतो.

२.४ गिगाहर्ट्झ डोंगलवाले गेमपॅड स्वस्त पडतात आणि त्यांना पेअरिंगची भानगड नसते. पण क्रोमकास्टला एकच यूएसबी-सी पोर्ट आहे आणि वीजही त्यातूनच येते. त्यामुळे चार्जिंगची वीज पुढे पोहोचवणारा यूएसबी-सी हब लागेल. खोक्यावर ‘पीडी’ (पॉवर डिलिव्हरी) इनपुट लिहिलेलं असायला हवं, आणि त्याला निदान २० वॅटचा चार्जर द्या, कारण हब स्वतःही वीज खातो. नुसता ओटीजी हब घेतलात तर बॉक्स सुरूच होणार नाही. एमआय बॉक्सला वीज वेगळी आणि यूएसबी २.० पोर्ट वेगळा, तिथे डोंगल थेट बसतो.

शनिवारपेठ

फारच उपयोगी माहिती, आभार. एक्सबॉक्सचे दोन कंट्रोलर जोडले, बीच बग्गी रेसिंग चालू झालं. आता तीन अडचणी. एक, घरच्यांना लुडो किंग मोठ्या पडद्यावर हवंय. दोन, एका गेमची एपीके (अँड्रॉइड ॲप बसवायची) फाइल गेम बनवणाऱ्याच्या अधिकृत साइटवरून घेतली, ती ‘ॲप नॉट इन्स्टॉल्ड’ एवढंच म्हणते. फोन आणि बॉक्स दोन्हींवर अँड्रॉइडच ना? तीन, बटण दाबल्यावर गाडी किंचित उशिरा वळते.

जुनीकॅसेट

दुसरा प्रश्न आधी. क्रोमकास्ट असो, एमआय बॉक्स असो, प्रोसेसर ६४-बिट असला तरी आतली सिस्टिम ३२-बिट आहे. रॅम वाचवायला बनवणाऱ्यांनी तसं केलंय. हल्लीच्या कित्येक एपीके फक्त ६४-बिटच्या असतात, त्या इथे बसणारच नाहीत. त्याच साइटवर ‘आर्मईएबीआय-व्ही७ए’ असा ३२-बिटचा प्रकार वेगळा दिला आहे का पाहा, तो चालेल. एआयडीए६४ हे मोफत ॲप टीव्हीवरही मिळतं. त्यात सीपीयूच्या पानावर बॉक्स कोणते प्रकार स्वीकारतो ते लिहिलेलं असतं आणि ओपनजीएलची आवृत्तीही त्यातच कळते. कुठलीही एपीके उतरवण्याआधी ही दोन पानं बघावीत.

दुसरं कारण असू शकतं फाइलचं. तिचं शेपूट ‘एक्सएपीके’ किंवा ‘एपीकेएस’ असेल तर ती एक फाइल नसून अनेक एपीकेंचं गाठोडं आहे. साध्या फाइल मॅनेजरला ते उघडत नाही. त्यासाठी गाठोडं सोडणारा इन्स्टॉलर लागतो, नाहीतर पीसीवरून एडीबीने (पीसीवरून अँड्रॉइडला आज्ञा द्यायचं साधन) ‘इन्स्टॉल-मल्टिपल’ आज्ञा द्यावी लागते.

एडीबी एकदा लावून ठेवाच, कारण टीव्ही नुसतं ‘झालं नाही’ म्हणतो आणि एडीबी का झालं नाही ते सांगतं. क्रोमकास्टवर ‘सिस्टिम’, ‘अबाउट’ मध्ये जाऊन ‘अँड्रॉइड टीव्ही ओएस बिल्ड’ या ओळीवर ७ वेळा ओके दाबा. ‘डेव्हलपर ऑप्शन्स’ उघडतील, तिथे यूएसबी डीबगिंग चालू करा. पीसीवरून ‘एडीबी कनेक्ट’ करून बॉक्सचा आयपी पत्ता द्या. पहिल्यांदा टीव्हीवर परवानगीची चौकट येते, ती रिमोटने मान्य करेपर्यंत पीसीवर ‘अनऑथराइज्ड’ दिसत राहतं. मग एपीके पाठवा. उत्तरात ‘नो मॅचिंग एबीआयज’ आलं तर वरचा ३२-बिटचा घोळ, ‘इन्सफिशियंट स्टोरेज’ आलं तर जागा, ‘ओल्डर एसडीके’ आलं तर बॉक्सचं अँड्रॉइड त्या गेमसाठी जुनं. काम झालं की डीबगिंग बंद करा. घरातल्या वाय-फायवर तो दरवाजा कायम उघडा ठेवायचं कारण नाही.

एडीबी नको असेल तर पेनड्राइव्ह आणि एक्स-प्लोअरसारखा फाइल मॅनेजर पुरतो. त्या मॅनेजरला ‘अननोन सोर्सेस’ची परवानगी द्यावी लागते. असा गेम होम स्क्रीनवर दिसला नाही तर घाबरू नका, सेटिंगमधल्या ॲपच्या यादीतून उघडतो. ‘साइडलोड लाँचर’ टाकलात तर सगळे एका जागी दिसतील. बाहेरून टाकलेला गेम बहुधा आपोआप अपडेट होत नाही, हे गृहीत धरा.

आता लुडो किंग. नवी मुंबईच्या गेमेशनचा हा गेम उभ्या फोनसाठी, बोटाने टॅप करायला बनवलेला. टीव्हीवर तो कधी मधल्या अरुंद पट्टीत दिसतो, कधी आडवा झोपलेला. फासा टाकणं आणि सोंगटी निवडणं ही दोन्ही एका टॅपची कामं आहेत, म्हणून ब्लूटूथ किंवा यूएसबी माउसने तो खेळता येतो. कंट्रोलरने नाही. दोन बोटं एकाच वेळी लागतात असे गेम, म्हणजे डाव्या अंगठ्याने चालणं आणि उजव्याने नेम धरणं, माउसनेही जमत नाहीत. बीजीएमआयचा (बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया) हट्ट मुलांनी धरला तर ठाम नाही म्हणा. टचला बटणं चिकटवणारी ॲप वापरली की ऑनलाइन गेममध्ये खातं बंद होण्याची शक्यता असते, आणि २ जीबी रॅमच्या बॉक्सवर तो नीट चालणारही नाही. लुडोसाठी सगळ्यात सोपं: फोनचा पडदा क्रोमकास्टवर कास्ट करा. पाळीपाळीच्या खेळाला अर्ध्या सेकंदाचा उशीर जाणवत नाही.

लूपबॅक

उशिराचं कारण शोधायची सोपी पद्धत: कंट्रोलर बाजूला ठेवा आणि बॉक्सच्याच रिमोटने मेनूत वर-खाली करा. तिथेही उशीर असेल तर दोष टीव्हीचा. टीव्हीच्या सेटिंगमध्ये त्या एचडीएमआय पोर्टसाठी ‘गेम मोड’ चालू करा. चित्र गुळगुळीत करणारी प्रक्रिया बहुतेक टीव्ही प्रत्येक फ्रेमवर करतात, आणि ती संपेपर्यंत चित्र मागे राहतं. गेम मोड ती काढून टाकतो. हा मोड पोर्टनिहाय असतो, त्यामुळे बॉक्स दुसऱ्या पोर्टला हलवलात तर पुन्हा लावावा लागतो. गेम मोडमध्ये रंग थोडे फिके वाटतील, ते चालवून घ्या.

मेनू चटपटीत आणि फक्त गेममध्ये, तेही अधूनमधून, बटणं अडकत असतील तर दोष हवेतला आहे. ब्लूटूथही २.४ गिगाहर्ट्झवर आणि तुमचं वाय-फायही तिथेच असेल तर दोघांची ढकलाढकली होते. बॉक्सचं वाय-फाय ५ गिगाहर्ट्झवर न्या. टीव्हीच्या धातूच्या पाठीमागे लटकलेलं क्रोमकास्ट एचडीएमआयच्या छोट्या एक्स्टेन्शन केबलने कडेला आणा. कपाटात किंवा सेट-टॉप बॉक्सवर चढवून ठेवू नका. अर्ध्या तासानंतर गेम मंदावत असेल तर ते तापण्याचं लक्षण आहे, प्रोसेसर स्वतःला सावरायला वेग कमी करतो.

आणखी एक, आपल्याकडे हमखास सापडणारी गोष्ट: डिस्प्लेच्या रिझोल्यूशनमध्ये ५० हर्ट्झ निवडलेलं असतं. गेम, एमुलेटर (जुन्या कन्सोलची नक्कल करणारी ॲप), पीसीवरून येणारं चित्र हे सगळं बहुतांशी ६० फ्रेमचं. ५० हर्ट्झवर दर सहातली एक फ्रेम गाळावी लागते, म्हणून चित्र धक्के खातं आणि एमुलेटरचा आवाज तडतडतो. १०८०पी ६० हर्ट्झ निवडा. गेम तसेही ४के मध्ये काढले जात नाहीत, तेव्हा गमावत काही नाही.

वीज टीव्हीच्या यूएसबी पोर्टमधून घेतली असेल तर तेही बदला. यूएसबी २.० पोर्टची प्रमाणित मर्यादा ५०० मिलिॲम्पिअर. सिनेमा चालतो, पण गेमचा भार आला की बॉक्स रीस्टार्ट होतो. सोबत आलेला ॲडॉप्टरच भिंतीत लावा.

जुनीकॅसेट

एमआय बॉक्स फुकट जाऊ देऊ नका. दोन कामांना तो उत्तम आहे.

पहिलं, रेट्रोआर्क, म्हणजे अनेक एमुलेटर एकत्र चालवणारं ॲप. त्यातल्या एकेका एमुलेटरला ‘कोअर’ म्हणतात. जुन्या ८-बिट आणि १६-बिट खेळांना माली-४५० पुरून उरते. नव्वदच्या दशकात घरोघरी असलेला कॅसेटवाला व्हिडिओ गेम आठवत असेल, त्या जातीच्या खेळांसाठी ‘एफसीईयूएमएम’ कोअर घ्या, मेगाड्राइव्हसाठी ‘जेनेसिस प्लस जीएक्स’, पहिल्या प्लेस्टेशनसाठी ‘पीसीएसएक्स रीआर्म्ड’. हा शेवटचा तर ३२-बिट आर्म चिपसाठीच घासूनपुसून तयार केलेला आहे, म्हणून या बॉक्सवर फार छान पळतो. निन्टेंडो ६४ आणि पुढचे सोडून द्या. रेट्रोआर्कमध्ये कंट्रोलरवरून मेनू उघडायची जोडी, उदाहरणार्थ दोन्ही काठ्या एकत्र दाबणं, ‘इनपुट’च्या हॉटकीजमध्ये आधीच ठरवून द्या. नाहीतर गेममधून बाहेर यायला रिमोट शोधावा लागतो. खेळाच्या फाइल्स मात्र स्वतःजवळच्या कॅसेटच्या प्रती किंवा बनवणाऱ्यांनी मोफत दिलेले नवे होमब्रू (हौशी लोकांनी जुन्या कन्सोलसाठी बनवलेले) खेळ, एवढ्याच वापरा. होमब्रूमध्येही मुलांना महिनाभर पुरेल इतकं आहे.

दुसरं, पीसीचे गेम. घरात गेमिंग पीसी असेल तर त्यावर चित्र पाठवणारं सनशाइन आणि बॉक्सवर ते दाखवणारं मूनलाइट टाका. गेम पीसीवर चालतो, बॉक्स फक्त व्हिडिओ उलगडतो, आणि व्हिडिओ उलगडणं हेच तर या बॉक्सचं मूळ काम. मूनलाइट चार अंकी पिन दाखवतो, तो सनशाइनच्या वेब पानावर भरायचा, की जोडी जमली. १०८०पी, ६० फ्रेम, २० एमबीपीएस इथून सुरुवात करा. पीसी राउटरला लॅन केबलने जोडलेला हवाच. दोन्ही टोकं वाय-फायवर असतील तर प्रत्येक फ्रेम हवेतून दोनदा जाते. तुमच्या इंटरनेटच्या वेगाचा याच्याशी संबंध नाही, सगळं घरातल्या घरात फिरतं.

चित्र येतं, आवाज येतो, पण कंट्रोलर चालत नाही अशी तक्रार विंडोजवर नेहमी येते. सनशाइनसोबतचा ‘व्हिजेमबस’ ड्रायव्हर बसवायचा राहिलेला असतो. मूनलाइटच्या सेटिंगमध्ये कामगिरीचे आकडे पडद्यावर दाखवायची सोय आहे. नेटवर्कमुळे गळलेल्या फ्रेमची टक्केवारी वाढत असेल तर बिटरेट उतरवा, आणि डीकोडिंगचा वेळ १६ मिलिसेकंदांच्या वर असेल तर रिझोल्यूशन उतरवा. बाहेर पडायला स्टार्ट, सिलेक्ट, एल१, आर१ एकत्र दाबा.

शनिवारपेठ

टीव्ही ५० हर्ट्झवरच होता! ते बदललं आणि गेम मोड लावला, फरक लगेच दिसला. आता जागा संपत आली आहे. पेनड्राइव्ह लावून तिथे गेम ठेवता येतील का? की मोठ्या स्टोरेजचा एखादा स्वस्त बॉक्स घ्यावा? बाजारात नाव नसलेले ‘६४ जीबी’वाले मिळतात.

सोल्डरगन

तो स्वस्त बॉक्स अजिबात घेऊ नका. त्यातले बरेच अँड्रॉइड टीव्ही नसतातच, फोनचं अँड्रॉइड टीव्हीच्या खोक्यात भरलेलं असतं. सेटिंगमध्ये दिसणारे रॅमचे आणि स्टोरेजचे आकडेही खोटे लिहिता येतात. त्याहून गंभीर गोष्ट म्हणजे कारखान्यातूनच घुसवलेला व्हायरस. बॅडबॉक्स २.० नावाच्या अशा जाळ्याबद्दल अमेरिकेच्या एफबीआयने जून २०२५ मध्ये जाहीर इशारा दिला, आणि पुढच्याच महिन्यात गुगलने ते चालवणाऱ्यांवर न्यायालयात दावा लावला. असा बॉक्स तुमच्या वाय-फायवरून दुसऱ्यांची कामं करतो, आणि फॅक्टरी रीसेट करूनही तो व्हायरस जात नाही. कुठलाही बॉक्स घेताना प्ले स्टोअरच्या सेटिंगमध्ये ‘प्ले प्रोटेक्ट सर्टिफाइड’ दिसतं का ते बघा. ॲमेझॉनच्या फायर टीव्ही स्टिकचा विचार असेल तर वेगा ओएसवाली (ॲमेझॉनची स्वतःची सिस्टिम) नवी मॉडेल ओळखून टाळा. त्यांवर अँड्रॉइडची एपीके चालतच नाही.

पेनड्राइव्हचं उत्तर: होतं, पण साधा पेनड्राइव्ह नको, यूएसबीवर चालणारा एसएसडी बरा. सेटिंगमध्ये स्टोरेजमध्ये जाऊन ड्राइव्ह ‘डिव्हाइस स्टोरेज’ म्हणून फॉरमॅट करावा लागतो. त्यात आधीचं सगळं पुसलं जातं, आणि ड्राइव्ह एन्क्रिप्ट होऊन फक्त त्याच बॉक्सला वाचता येतो. पेनड्राइव्ह मोठी फाइल सरळ लिहायला बरे असतात, पण गेमच्या बारीकबारीक लिखाणात दमतात आणि तापतात. मग गेम मधेच दोन सेकंद गोठतो.

लूपबॅक

माझं मत जरा वेगळं. क्रॉसी रोड, बॅडलँड असले छोटे गेम चांगल्या कंपनीच्या यूएसबी ३ पेनड्राइव्हवर ठीक चालतात. बॉक्सचा पोर्ट यूएसबी २ चा असला तरी अशा पेनड्राइव्हमधली चिप चांगली असते. दर काही मिनिटांनी लिहिणारे मोठे गेम आतल्या स्टोरेजवर ठेवा आणि ओटीटीची ॲप बाहेर ढकला, उलट नको. ॲपच्या माहितीच्या पानावर ‘स्टोरेज यूज्ड’ मधून ते हलवता येतं. काही ॲप हलायला नकार देतात, बनवणाऱ्यानेच तशी परवानगी दिलेली नसते.

सोल्डरगन

छोट्या गेमपुरतं मान्य. पण मग क्रोमकास्टचा हब पुन्हा आलाच, आणि ड्राइव्ह त्यात कायमचा राहिला पाहिजे. मुलांनी सिनेमा कॉपी करायला तो उपटला तर त्यावरचे गेम यादीतून गायब होतील. परत लावून बॉक्स रीस्टार्ट केला की बहुधा येतात, पण गेम चालू असताना उपटला तर सेव्ह फाइल बिघडू शकते. काढायचाच असेल तर आधी स्टोरेजमधून ‘इजेक्ट’ करा. एसएसडी लावणार असाल तर हबचा चार्जर ३० वॅटचा घ्या, आणि त्याच हबमध्ये गेमपॅडचा २.४ गिगाहर्ट्झ डोंगल असेल तर तो एसएसडीच्या शेजारी न लावता छोट्या एक्स्टेन्शन वायरने हातभर दूर ठेवा. यूएसबी ३ च्या वेगाने चालणाऱ्या जोडणीतून त्याच पट्ट्यात गोंगाट बाहेर पडतो, आणि कंट्रोलर मधेच बटणं गाळायला लागतो.